पांढऱ्यात किती निळा

डोळ्यावरची पट्टी निघाली की माणूस आधी काय बघतो, याचा त्या नेत्रतज्ज्ञाला चांगला अनुभव होता. कोणी आपले हात निरखतं, कोणी बायकोकडे बघून पटकन नजर वळवतं. मास्तरांनी भिंत बघितली.

"बोटं किती, सर?" डॉक्टरने हात वर केला.

"बोटं राहू देत. तुझ्या भिंतीला हा रंग कोणी सुचवला?"

"पांढराच आहे तो."

"तेच म्हणतोय मी. एवढा पांढरा असतो?"

डॉक्टर हसला. शाळेत असताना मास्तरांनी त्याला भर वर्गात ऐकवलं होतं की, तू डोळे उघडे ठेवून झोपतोस. आता मास्तरांचाच डोळा उघडून त्याने जुनं उट्टं काढलं होतं. त्याने समजावून सांगितलं, मोतीबिंदू पार पिकलेला होता, जुन्या भिंगावर पिवळट तपकिरी झाक चढली होती. ती इतकी हळूहळू चढते की माणसाला कळतच नाही. निळा रंग तर जवळजवळ अडतोच. डाव्या डोळ्याचीही तीच कथा, पण तो पुढच्या महिन्यात.

मास्तरांना तर पर्वणीच मिळाली. त्यांनी डावा डोळा हाताने झाकला, मग उजवा, मग पुन्हा डावा. "काय गंमत आहे! या डोळ्याने तुझा कोट पांढरा, त्या डोळ्याने चहात बुडवलेला." मग ते मुलीकडे वळले आणि दचकले. "तुझे केस पांढरे झाले की गं!"

"कधीच झाले, बाबा."

"मग मला कोणी बोललं नाही ते?"

घरात तिला सगळे धाकटी म्हणायचे. धाकटी म्हणजे नुसती वयाने धाकटी. शाळेत बाबांच्याच जागेवर चित्रकला शिकवणारी, पन्नाशीला टेकलेली बाई. डॉक्टरचं एक वाक्य तिच्या कानात अडकून बसलं होतं. "हे पिवळं दिसणं," तिने शक्य तितक्या सहज आवाजात विचारलं, "कधीपासून असेल?"

"नक्की कसं सांगणार? दहा वर्षं, पंधरा वर्षं. सर आधी आलेच नाहीत ना."

आता ते पंधरा असेल की दहा, यावर तिचं सगळं टांगलेलं होतं. तेरा वर्षांपूर्वी तिच्या स्वतःच्या चित्रांचं प्रदर्शन ठरलं होतं. दालन मिळालं होतं, चित्रं चौकटीत बसली होती. बांधाबांध करण्याआधी तिने ती बाबांना दाखवली. मास्तरांनी चष्मा पुसला, पुन्हा बघितलं आणि म्हणाले, "पिवळं पडलंय सगळं. शिळं वाटतं. तुला रंग दिसत नाहीत का गं?" मनात काही ठेवून बोलले नव्हते, ते कोणाशीच त्याहून मऊ बोलत नसत. पण ज्यांनी पहिलीच्या पुस्तकात काढलेल्या चेंडूवरून आणि बदकावरून पोरांच्या दोन पिढ्या अक्षरं शिकल्या, मासिकांची मुखपृष्ठं ज्यांच्या सहीशिवाय अर्धवट वाटायची, त्या माणसाने 'तुला रंग दिसत नाहीत' म्हटल्यावर बोलायचं काय? तिने दालन नको म्हणून कळवलं, चित्रं माळ्यावर टाकली आणि त्यानंतर एकही चित्र काढलं नाही. कोणी विचारलं की म्हणायची, शाळेतून वेळ कुठे मिळतो! सगळ्यांना ते लगेच पटलं. इतकं लगेच पटायला नको होतं, असं तिला अधूनमधून वाटायचं.

चित्रं पिवळी होती की बाबांचा डोळा, हे आज कळणार होतं. आणि तिला त्याचीच धास्ती वाटत होती. नव्या डोळ्यानेही बाबा तेच म्हणाले, तर मग धरायला काहीच उरलं नसतं.

घराच्या फाटकाशी गाडी थांबली. मास्तर उतरले आणि तिथेच खिळले.

"हे कोणाचं घर?"

"आपलंच," दारात वाट बघत उभी असलेली आई म्हणाली.

"आपलं घर पांढरं आहे."

सगळ्यांनी तोंडात मिठाची गुळणी धरली. दादा खिशात किल्ल्या शोधायला लागला, दार सताड उघडं असताना. दादाची बायको, म्हणजे धाकटीची वहिनी, चहा टाकते म्हणून आत पळाली. घराला रंग दिला तो दिवस सगळ्यांना आठवत होता. रंगाऱ्याने बादलीत शुद्ध पांढरा कालवला, मास्तर म्हणाले, पिवळट आहे, निळा घाल. त्याने घातला. अजून घाल. घातला. अजून. रंगारी आईकडे बघायला लागला आणि आई झाडाकडे. शेवटी दुधात शाईची दौत लवंडावी तसं घर तयार झालं आणि मास्तर समाधानाने म्हणाले, हा खरा पांढरा. तेव्हापासून टपालवाला इतरांना पत्ता सांगताना 'निळ्या घराच्या पुढे' असं सांगायचा. घरातले मात्र 'आपलं पांढरं घर' म्हणायचे, आणि म्हणता म्हणता त्यांना ते खरंही वाटायला लागलं होतं.

"तूच निवडलास की," आत्या म्हणाली. आत्या मास्तरांची थोरली बहीण, कालच बॅग घेऊन आलेली. भूतलावर मास्तरांना न घाबरणारी ती एकटी.

"आणि कोणी काही बोललं नाही?"

"तुला? रंगाबद्दल? मांजराच्या गळ्यात घंटा बांधणार कोण?"

तिचं म्हणणं खोटं नव्हतं. आजोबा दुकानांच्या पाट्या रंगवायचे तेव्हापासून या घराण्यात रंगाबाबत शेवटचा शब्द एकाच माणसाचा. आजोबांनी लाल म्हटलं की लाल. ते गेल्यावर तो मान आपोआप मास्तरांकडे आला, जसा काही घरांत दिवाणखान्यातल्या मोठ्या खुर्चीचा येतो. बाकीच्यांनी डोळे वापरायचे ते जिना चढण्यापुरते.

मास्तर तडक वरच्या खोलीत निघाले. दादा मागोमाग धावला. "बाबा, डॉक्टरांनी विश्रांती सांगितलीय."

"डोळ्याला सांगितलीय. पायांना नाही."

वरच्या खोलीला उत्तरेकडे मोठी खिडकी होती. भिंतीशी मास्तरांची गेल्या काही वर्षांतली चित्रं रांगेत उभी होती, कोपऱ्यांना पुठ्ठे लावून तयार. दुपारी दालनाची गाडी येऊन ती नेणार होती. मास्तरांचं हे पहिलं मोठं प्रदर्शन, आणि ते जमवून आणलं होतं दादाने. तो विमा विकायचा. गेलं वर्षभर विमा सोडून बापच विकत होता. प्रदर्शनाचं नाव त्यानेच ठरवलं होतं, 'निळाई'. माहितीपुस्तिकाही छापून आली होती. कोणा समीक्षकाने तीत लिहिलं होतं की उतारवयात हा चित्रकार निळ्याच्या गूढ प्रदेशात उतरला.

मास्तर पहिल्या चित्रापुढे उभे राहिले. दुसऱ्यापुढे गेले. तिसऱ्यापाशी त्यांचे खांदे हलायला लागले, तेव्हा आई घाबरून पुढे झाली. ते हसत होते. हसले ते खोकला येईपर्यंत.

"अरे, ही सगळी माणसं बुडालीत की! ही फळवाली बघा. हिला हुडहुडी भरलीय. आणि संत्री? ही संत्री कोण विकत घेईल?"

"समीक्षकांनी त्याच संत्र्यांवर अर्धं पान लिहिलंय," दादा कळवळून म्हणाला.

"त्यांना खाऊ घाल मग." मास्तरांनी डोळे आलटून पालटून झाकायला सुरुवात केली. डाव्याने फळवाली ठीक, उजव्याने गोठलेली. हसू ओसरून त्यांच्या चेहऱ्यावर ती जुनी तासाची मुद्रा आली, पोरगा फळ्याशी अडला की यायची ती. "म्हणजे बघा काय झालं. मला पांढरं पिवळं दिसत होतं. पण पांढरं पिवळं नसतं, हे मला माहीत होतं. म्हणून मी निळा घालत गेलो. जन्मभर पोरांना सांगितलं, माहीत आहे ते काढू नका, दिसतंय ते काढा. आणि स्वतः काय केलं? आठवणीतला पांढरा रंगवत बसलो." हे सांगताना त्यांना दुःख झालेलं दिसत नव्हतं. एखादं कोडं सुटल्यावर व्हावा तसा आनंदच झाला होता. "पण तुम्हा सगळ्यांना तर दिसत होतं ना? तुम्हाला काय वाटलं?"

हा प्रश्न त्या घरात रंगाबद्दल पहिल्यांदाच कोणी कोणाला विचारत होतं.

"मला वाटलं, हे थोर काहीतरी आहे," दादाने प्रामाणिकपणे सांगितलं.

"मला वाटलं, तुला निळ्याच्या नळ्या कुठेतरी स्वस्तात मिळाल्या," आत्या म्हणाली.

वहिनी चहाचा ट्रे घेऊन उंबऱ्यात उभी होती. "मला वाटलं, कलेतलं आपल्याला काय कळतंय. आणि खरं सांगू का बाबा, त्या संत्र्यांना मी कायम आलुबुखार समजत होते."

आई खिडकीपाशी स्टुलावर बसली होती. ती बोलेल असं कोणालाच वाटलं नव्हतं. "मला वाटलं, तुम्हाला कसलं तरी दुःख आहे," ती म्हणाली. "एवढं निळं माणूस उगीच काढत नाही. कसलं दुःख ते विचारायची हिंमत झाली नाही. माझंच काही चुकलं असेल, असं धरून चालले."

"इतकी वर्षं?"

"हो."

"अगं, मला काही दुःख नव्हतं!"

"ते आता कळलं," आई म्हणाली आणि पदर नाकाला लावून हसायला लागली, पण डोळे भरून आले होते. मास्तर तिच्याकडे बघत राहिले. मग त्यांनी टेबलावरून रंग कालवायची पाटी ओढली.

"गाडी यायला वेळ आहे. वरून थोडा ऊबदार हात फिरवतो. चेहरे तरी माणसात आणतो."

"अजिबात नाही!" दादा चित्रांपुढे हात पसरून उभा राहिला. "पुस्तिका छापलीय. नाव निळाई आहे. तुम्ही पिवळं केलंत तर मी लोकांना काय तोंड दाखवू?"

"चूक ती चूक," आत्याने भावाची बाजू घेतली. "घराची अब्रू चव्हाट्यावर कशाला? दुरुस्त करू दे त्याला."

"आत्या, अहो ओला रंग गाडीत कसा जाणार?"

"मग गाडी उद्या बोलाव."

वहिनी इतका वेळ नवऱ्याच्या बाजूला होती. तिने ट्रे खाली ठेवला आणि म्हणाली, "मला तर बघायचंय बाबा कसं करतात ते." दादाने तिच्याकडे असं बघितलं की जणू घरचा भेदीच सापडला. आई म्हणाली, त्यांची चित्रं आहेत, त्यांना करू दे. म्हणजे तिघी एकीकडे आणि दादा एकटा. त्याने नाइलाजाने बहिणीकडे पाहिलं. "तू सांग ना. तू शिकवतेस. तुझं तरी ऐकतील."

धाकटीला यात पडायचंच नव्हतं. ती आल्यापासून माळ्याच्या दाराकडे बघत होती. पण ब्रश टोकाशी पिवळा भरून फळवालीच्या गालाकडे निघाला, आणि ती बोलून गेली. "बाबा, तुम्ही वर्गात खोडरबर आणू देत नव्हतात."

ब्रश थांबला.

"कोणी आणलं तर खिडकीबाहेर फेकायचात. चुकलेली रेघ पुसायची नाही, तिच्या शेजारी नवी काढायची. मला तर दोन दिवस वर्गाबाहेर उभं केलं होतंत. आता तुम्हीच खोडताय."

मास्तरांना हे लागलं, कारण ते खरं होतं. आणि खरं लागलं की ते ओरडायचे. "चित्रकलेचे नियम मला शिकवतेस? तू स्वतः काय काढलंस इतक्या वर्षांत? दुसऱ्याच्या पोरांचे कागद तपासलेस फक्त!"

"तुम्ही पिवळं म्हणालात म्हणून."

"काय?"

"तुला रंग दिसत नाहीत, म्हणालात. मला वाटलं, बाबा म्हणतात म्हणजे नसतील दिसत." ती थांबलीच नाही. "वर्गात मुलाने आकाश रंगवलं की मी स्वतःशी विचारते, हे बाबांना कसं दिसलं असतं. मग मार्क देते."

दादा चित्रांपुढून बाजूला झाला. त्याला, वहिनीला, आईला, सगळ्यांना शाळेतून वेळ मिळत नाही हे इतकं पटलेलं होतं की आता कोणाला कुठे बघावं कळेना. मास्तरांनी ब्रश पाटीवर ठेवला.

"एक आण," ते म्हणाले.

ती माळ्यावर गेली. हाताला पहिलं लागलं ते आणलं. निवडायला तिचा धीर नव्हता. फडक्याने धूळ पुसून तिने ते खिडकीशी, उजेडात ठेवलं आणि स्वतः बाजूला झाली. चित्रात आई होती, खिडकीपाशी शिवत बसलेली, मांडीवर पांढरं कापड.

मास्तरांनी आधी उजवा डोळा झाकला. "हं. हे मी पाहिलं होतं. पिवळं." मग डावा झाकला. चित्राच्या अगदी जवळ वाकले. धाकटी चित्राकडे बघतच नव्हती. ती बाबांच्या गालावरच्या सुरकुत्यांकडे बघत होती, त्या कुठे जातात ते.

"रंग बरोबर आहेत," मास्तर म्हणाले. "हे कापड पांढरं आहे. बरोबर पांढरं आहे. तेव्हाही होतं."

आईने सुस्कारा सोडला. वहिनीने धाकटीचा हात धरला. एवढ्यावर थांबले असते तर ते मास्तर कसले?

"पण चित्र बेताचंच आहे. हात खांद्यातून निघत नाही, चिकटवल्यासारखा दिसतो."

"अरे, आज तरी!" आत्या किंचाळली.

धाकटीने इतक्या वर्षांनी चित्राकडे नीट बघितलं. हात चिकटवल्यासारखाच होता. माळ्यावर बंद दाराआड ते चित्र तिच्या मनात वाढत वाढत केवढं थोर झालं होतं, आणि समोर होतं ते एका होतकरू बाईचं पहिल्या प्रदर्शनाचं चित्र. तिला हसू आलं, आणि हसता हसताच असा राग आला की तिला स्वतःलाच त्याचं नवल वाटलं.

"बेताचं आहे, मलाही दिसतंय. पहिलं होतं, बेताचंच असणार! त्याच्या पुढची बरी झाली असती. त्याच्या पुढची तर चांगली झाली असती. ती कुठेयत, बाबा? ती कोणत्या डोळ्याने बघणार तुम्ही?"

खाली गाडीचा भोंगा वाजला. कोणीच हललं नाही. मग दादा हळूच जिन्याकडे गेला आणि वरूनच ओरडला, "जरा थांबा हो!"

मास्तर स्टुलावर बसले. त्यांना माफी मागता येत नसे. या वयात ते शिकणार नव्हते. पण एक गोष्ट त्यांना जन्मभर येत होती, आणि ती त्यांनी केली. त्यांनी विचारलं.

"पुढची म्हणजे कोणती?"

"जी काढली नाहीत ती."

"हो, पण कोणती? डोक्यात असतीलच ना. त्यांतलं पहिलं कशाचं होतं?"

धाकटी म्हणणार होती, आता काय आठवणार. तोंड उघडलं तर ते तिथेच होतं, कालच बाजूला ठेवल्यासारखं. "शाळेचा जिना," ती म्हणाली. "चित्रकलेचा तास सुटतो तेव्हाचा. मुलं ओली चित्रं दोन्ही हातांत आडवी धरून उतरतात. कोपरं लांब, मान ताठ. एरवी एकमेकांना ढकलणारी कार्टी, पण तेव्हा कोणी कोणाला धक्का मारत नाही."

"उजेड कुठून?"

"पाठीमागून. वळणावरच्या खिडकीतून."

"मग चेहरे काळोखात जातील. चित्र बसणार नाही."

"नाही जात," धाकटी म्हणाली. "हातात कागद आहेत ना. उजेड कागदावर पडतो आणि तिथून वर येतो. ज्याने जो रंग लावलाय तो त्याच्या हनुवटीखाली दिसतो. एकाची हनुवटी हिरवी, एकीची लाल. त्यांना स्वतःला माहीत नसतं."

मास्तर तिच्याकडे बघत होते. खालून पुन्हा भोंगा वाजला. दादाने हळूच विचारलं, निळी चित्रं न्यायची का, आणि मास्तरांनी मान न वळवता 'ने' म्हणून हात हलवला.

"मी तो जिना अख्खी नोकरी उतरलो," ते म्हणाले. "चांगल्या डोळ्यांनी उतरलो. मला हे कधी दिसलं नाही."